दोन मनोरे कोणते?

ग्रंथाच्या नावावरून टीकाकारांत वाद माजावा ह्यात नवल नाही. परंतु ग्रंथकर्त्यानेच आपल्या ग्रंथाच्या नावाचा अर्थ एकदा एक, दुसऱ्यांदा दुसरा आणि तिसऱ्यांदा तिसरा सांगावा, आणि त्यांपैकी एकही अर्थ सर्व वाचकांस पटू नये, असा प्रसंग विरळा. जे. आर. आर. टॉल्किन ह्यांच्या ‘दि लॉर्ड ऑफ दि रिंग्ज’ ह्या प्रचंड कथेच्या दुसऱ्या खंडावर हा प्रसंग ओढवला आहे. खंडाचे नाव ‘दि टू टॉवर्स’, म्हणजे ‘दोन मनोरे’. मुखपृष्ठावर संख्या अशी निःशंकपणे सांगितलेली. आत मात्र मनोऱ्यांची गणती करू गेले असता ती किमान पाच भरते. मग त्यांतले दोन कोणते? हा खंड १९५४ साली प्रसिद्ध झाला, तेव्हापासून हा प्रश्न विचारला जात आहे, आणि उत्तरे देणाऱ्यांचे आजही चार पक्ष आहेत.

वरवर पाहता हा वाद पोरखेळ वाटेल. जी भूमीच मुळी कल्पित, तिच्यातील इमारतींचा खल करण्यात शहाण्या माणसाने वेळ का दवडावा, असे कोणी विचारील. त्यास आमचे उत्तर असे की, ह्या नावाचा उलगडा करू गेल्यास ग्रंथाचे मर्म हाती लागते. आणि ते मर्म कल्पित भूमीपुरते मुळीच नाही.

ज्यांनी हा ग्रंथ वाचलेला नाही, त्यांच्याकरिता कथेचा सांगाडा येथे दिला पाहिजे. ‘मिडल-अर्थ’ नावाच्या भूमीत सौरोन ह्या दुष्ट सत्ताधीशाने सर्वांवर अंमल चालवील अशी एक मुद्रिका घडविली. ती त्याच्या हातून गेली आणि पुष्कळ काळानंतर फ्रोडो नावाच्या एका खुजा, शांतताप्रिय ‘हॉबिट’ जातीच्या तरुणाकडे आली. ती मुद्रिका वापरावयाची नाही, लपवावयाचीही नाही. सौरोनच्या मॉर्डोर प्रांतात शिरून तेथील ज्वालामुखीत ती नष्ट करावयाची, असा निश्चय होतो. पहिल्या खंडाच्या शेवटी फ्रोडोच्या सोबत्यांची मंडळी फुटते. दुसऱ्या खंडाचे दोन भाग आहेत. पहिल्या भागात फ्रोडोचे सोबती पश्चिमेकडे रोहान राज्यात सारुमान नावाच्या, एके काळी सज्जनांचा अग्रणी असलेल्या पण आता भ्रष्ट झालेल्या, मांत्रिकाशी झुंजतात. दुसऱ्या भागात फ्रोडो आणि त्याचा इमानी सोबती सॅम हे दोघे गॉलम ह्या मुद्रिकेने पछाडलेल्या जीवास वाटाड्या करून मॉर्डोरकडे जातात. ह्या दोन भागांतील पात्रे एकमेकांस एकदाही भेटत नाहीत. एक भाग संपूर्ण सांगून झाला म्हणजे दुसरा सुरू होतो.

नावाची अडचण येथूनच उद्भवली. टॉल्किन ह्यांनी १९३७ च्या डिसेंबरात ही कथा लिहावयास घेतली. त्यांच्या दृष्टीने ती एकच कथा होती. सहा भागांत विभागलेली, पण एकच. ती तीन खंडांत निघाली ती प्रकाशकाच्या व्यवहारामुळे. महायुद्धानंतर कागद महाग झाला होता, आणि असा अवाढव्य ग्रंथ खपेल की नाही ह्याची खात्री कोणासच नव्हती. तेव्हा तीन खंडांस तीन नावे हवी झाली. दोन विसंगत भाग एकाच दोरीत बांधील असे नाव दुसऱ्या खंडास सापडेना. १७ ऑगस्ट १९५३ रोजी प्रकाशक रेनर अन्विन ह्यांस लिहिलेल्या पत्रात टॉल्किन ह्यांनी ‘दोन मनोरे’ हे नाव सुचविले, आणि त्याचा अर्थ संदिग्ध राहिला तरी चालेल असे म्हटले. त्या पत्रात त्यांनी जोड्याही एकीऐवजी अनेक दिल्या. २२ जानेवारी १९५४ च्या पत्रात मात्र त्यांची नाराजी स्पष्ट आहे. ह्या खंडाशी नावाचा खरा संबंध लावावयाचा तर मनोरे ऑर्थँक व किरिथ उंगोल हेच मानले पाहिजेत, परंतु वाचकाची दिशाभूल होईल, अशी त्यांची तक्रार होती. त्यानंतर पहिल्या खंडाच्या शेवटी छापलेल्या निवेदनात त्यांनी तिसरेच सांगितले: ऑर्थँक आणि मिनास मॉर्गुल. वेष्टनाकरिता त्यांनी स्वतः काढलेल्या एका चित्रातही एका बाजूस काळा ऑर्थँक व दुसऱ्या बाजूस चंद्रचिन्हांकित पांढरा मिनास मॉर्गुल असे दोन मनोरे आहेत.

आता चारही पक्ष क्रमाने तपासू.

पहिला पक्ष ग्रंथकर्त्याच्या छापील निवेदनाचा: ऑर्थँक आणि मिनास मॉर्गुल. ह्याच्या बाजूने शब्दप्रमाण आहे, चित्रही आहे. पण ग्रंथात पाहू गेल्यास मिनास मॉर्गुलचा वाटा फार थोडा. फ्रोडो आणि सॅम त्याच्या दरीतून जीव मुठीत धरून जातात, त्याच्या दारातून एक सेना बाहेर पडताना पाहतात, आणि कड्यावरचा जिना चढून पुढे निघून जातात. तो प्रसंग भयानक आहे, पण एका प्रकरणात आटोपतो.

दुसरा पक्ष चित्रपटाचा. पीटर जॅक्सन ह्यांच्या २००२ सालच्या चित्रपटात सारुमानच्याच तोंडून दोन मनोऱ्यांची युती जाहीर होते: ऑर्थँक आणि सौरोनचा बराद-दूर. आज जगातील बहुसंख्य प्रेक्षक हेच उत्तर देतील. चित्रपटकारास हे सोयीचे होते, कारण त्याने किरिथ उंगोलची सारी घटना पुढच्या वर्षीच्या तिसऱ्या चित्रपटात ढकलली. परंतु ग्रंथात सारुमान सौरोनचा दोस्त नव्हे. तो त्याचा नक्कल करणारा प्रतिस्पर्धी आहे. त्याला मुद्रिका स्वतःकरिता हवी आहे. शिवाय बराद-दूर ह्या खंडात दूरच्या धाकासारखा आहे. त्याच्या उंबऱ्यात नायकांपैकी कोणी पाऊल ठेवीत नाही.

तिसरा पक्ष म्हणतो: सज्जनांचे नगर मिनास तिरिथ आणि दुर्जनांचा बराद-दूर. सबंध कथेतील मूळ विरोध हाच, हे खरे; टॉल्किन ह्यांनाही दिशाभुलीची भीती ह्याच कारणाने वाटली. पण मिनास तिरिथ हे तिसऱ्या खंडाचे रंगस्थळ. दुसऱ्या खंडात त्या दिशेने एक घोडा दौडत सुटतो, इतकेच. चौथा पक्ष ऑर्थँक आणि किरिथ उंगोल ह्यांचा. त्याच्यावर आक्षेप असा की, किरिथ उंगोलच्या मनोऱ्याच्या आत घडणारे सारे तिसऱ्या खंडात घडते. ह्या खंडात आपण केवळ त्याच्या बंद दारापर्यंत पोचतो.

अशा वेळी कोणता पक्ष स्वीकारावा? ग्रंथकर्त्याचा शब्द प्रमाण मानावा, तर शब्दच तीन. आपल्याकडील मीमांसकांनी अशा प्रसंगासाठी एक चांगली रीत घालून दिली आहे. ग्रंथाचे तात्पर्य ठरविताना कर्त्याच्या मनात काय होते ह्याचा तर्क करीत बसू नये. ग्रंथाचा उपक्रम काय, उपसंहार काय, आणि मध्ये पुनःपुन्हा कशाचा उच्चार होतो, म्हणजे अभ्यास कशाचा, हे पाहावे. लोकमान्य टिळकांनी १९१५ साली प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’त गीतेचे तात्पर्य ठरविण्यासाठी ह्याच कसोट्या पुढे ठेवल्या होत्या. गीता कोठे आणि ही कथा कोठे, हे आम्ही जाणतो. पण सोने तोलण्याच्या काट्याने चांदी तोलू नये असा काही नियम नाही.

प्रथम अभ्यास पाहू. ह्या ग्रंथातील मनोऱ्यांचा पूर्वेतिहास टॉल्किन ह्यांनी विलक्षण काळजीने लिहिला आहे. कथेत थोडा आणि परिशिष्टांत पुष्कळ. तो वाचताना एक गोष्ट पुनःपुन्हा नजरेस येते. बराद-दूर सोडला, तर ह्या वादातील एकही मनोरा दुष्टांनी बांधलेला नाही.

ऑर्थँक बांधला तो समुद्रापलीकडून आलेल्या न्यूमेनोरच्या थोर लोकांनी. त्याचा चकचकीत दगडी माथा मैदानापासून पाचशे फूट उंच, त्यावर गूढ चिन्हे कोरलेली, आणि दगड असा की पुढे झाडांसारखे प्रचंड ‘एन्ट’ त्यावर तुटून पडले तरी त्यांस टवका उडविता आला नाही. गोंडोरच्या कारभाऱ्याने तिसऱ्या युगाच्या २७५९ साली त्याच्या किल्ल्या विश्वासाने सारुमानच्या हाती दिल्या. तो तेथे राखणदार म्हणून आला आणि २९५३ साली मालक होऊन बसला. मिनास मॉर्गुलचे मूळ नाव मिनास इथिल, म्हणजे चंद्राचा मनोरा. राजपुत्र इसिल्दुरचे ते नगर. दोन वर्षांच्या वेढ्यानंतर २००२ साली ते शत्रूकडे गेले, आणि जेथे चांदण्याने संगमरवर उजळत असे, तेथे आता कुजक्या प्रेतासारखा एक उजेड आहे, ज्याने काहीच उजळत नाही. मराठीतील ‘मनोरा’ हा शब्द अरबीतील ‘मनारा’ ह्यावरून आला, आणि त्याचा मूळ अर्थ दिव्याचे ठिकाण. दिव्याच्या ठिकाणी दिवा राहावा आणि त्याचा प्रकाश मात्र मरावा, ह्याहून मोठा अधःपात मनोऱ्याचा कोणता?

किरिथ उंगोलची कथा तर ह्याहूनही बोलकी. सॅम त्या मनोऱ्याकडे मॉर्डोरच्या बाजूने पाहतो, तेव्हा त्याच्या ध्यानात येते की, हा मनोरा मॉर्डोरमध्ये कोणी शिरू नये म्हणून बांधलेला नव्हे. मॉर्डोरमधून कोणी बाहेर पडू नये म्हणून बांधलेला आहे. सौरोनचा पूर्वी एकदा पाडाव झाल्यावर गोंडोरच्या लोकांनीच त्या दुष्ट भूमीवर पहारा ठेवण्यासाठी तो उभारला होता. पुढे पहारेकरी ढिले पडले, मनोरा शत्रूच्या हाती गेला, आणि त्याचा उपयोग बदलला. भिंती त्याच, खिडक्या त्याच, तोंडही त्याच दिशेला. बंदिवान करणारा मात्र वेगळा. राज्यव्यवस्थेविषयी पानेच्या पाने लिहून जे सांगता येणार नाही, ते येथे एका इमारतीच्या तोंडाच्या दिशेने सांगितले आहे. पहाऱ्याची जागा पहारेकऱ्याच्या हेतूने पवित्र होत नाही, आणि ज्या उपायाने दुष्टास कोंडता येते, त्याच उपायाने दुष्टास दुसऱ्याला कोंडता येते.

मिनास तिरिथचे मूळ नावही वेगळेच होते: मिनास आनोर, म्हणजे सूर्याचा मनोरा. जोडीचा चंद्र बुडाल्यावर सूर्याने आपले नाव टाकून ‘पहाऱ्याचा मनोरा’ असे नाव धारण केले. शत्रूकडे डोळे लावून बसलेल्या ह्या नगरातील तीनशे फूट उंच मनोऱ्यात, दूरचे दाखविणाऱ्या गोलकात पाहता पाहता कारभारी डेनेथोर तिसऱ्या खंडात निराशेने वेडा होतो. ऑर्थँक ह्या नावाचा तर टॉल्किन ह्यांनी स्वतःच दुहेरी अर्थ सांगितला आहे: एका भाषेत दातासारखा पर्वत, दुसरीत धूर्त बुद्धी.

तेव्हा आमचे पहिले म्हणणे असे की, ‘दोन मनोरे’ ह्या नावाचा शोध दोन इमारतींत घेणे हीच मुळी चूक. ह्या ग्रंथात प्रत्येक मनोरा हा दोन मनोरे आहे: एक बांधला तो, आणि एक झाला तो. बराद-दूरला मात्र असा भूतकाळ नाही. तो प्रथमपासून सौरोनचा, मुद्रिकेच्या सामर्थ्यावर पाया घातलेला, आणि म्हणून मुद्रिका वितळताच तो मुळासकट कोसळतो. बाकीच्यांचा निकाल निरनिराळा लागतो. ऑर्थँक साफसूफ होऊन पुन्हा राजाच्या कामी येतो. मिनास मॉर्गुल जमीनदोस्त करावयाचे ठरते; तेथील भूमी कधीतरी शुद्ध होईल, पण पुष्कळ वर्षे तेथे कोणी राहावयाचे नाही. म्हणजे पतन सर्वांचे सारखे, पण परत येण्याची शक्यता प्रत्येकाची वेगळी, असा हा हिशेब आहे.

हा हिशेब केवळ दगडांचा असता, तर त्यास वास्तुशास्त्राहून अधिक किंमत नव्हती. म्हणून उपक्रम आणि उपसंहार पाहावयाचे. खंडाचा आरंभ होतो तो बोरोमिरच्या मृत्यूने. मिनास तिरिथचा हा शूर पुत्र. मोहाच्या एका क्षणी त्याने फ्रोडोकडून मुद्रिका हिसकावण्याचा प्रयत्न केला होता. बाणांनी विंधलेल्या अवस्थेत तो आरागोर्नपाशी आपला अपराध कबूल करतो आणि मरतो. म्हणजे उपक्रम कोणाचा? घसरलेल्या आणि परत आलेल्या माणसाचा. पुढे रोहानचा वृद्ध राजा थेओडेन कपटी सल्लागाराच्या जाळ्यातून सुटून उन्हात येतो आणि पुन्हा तलवार हाती घेतो. तेही परत येणेच. आणि मग, दोन भागांच्या दोन शिखरांवर, परत येण्याचे दोन प्रसंग निष्फळ होतात.

पहिला ऑर्थँकच्या पायथ्याशी. पराभूत सारुमान वर, गॅन्डाल्फ खाली. ह्याच मनोऱ्याच्या माथ्यावर गॅन्डाल्फला सारुमानने कैद करून ठेवले होते. तोच गॅन्डाल्फ आता त्याला खाली ये म्हणतो: मनोऱ्याच्या किल्ल्या आणि आपला दंड तारण म्हणून ठेव, आणि मोकळा हो. सारुमान क्षणभर डळमळतो. पण ज्याने इतकी वर्षे उंचावरून खाली पाहिले, त्याला जिना उतरणे जमत नाही. अहंकार जिंकतो, दंड मोडतो, आणि जो मनोरा त्याचा आसरा होता तोच त्याचा तुरुंग होतो.

दुसरा प्रसंग किरिथ उंगोलच्या मनोऱ्याखालील जिन्यावरचा. आमच्या मते साऱ्या ग्रंथातील हा सर्वांत मोलाचा क्षण. गॉलमलाही, मनोऱ्यांप्रमाणेच, दोन नावे आहेत: मूळचा स्मीगल आणि झालेला गॉलम. दलदलीत ही दोन नावे एकाच तोंडाने आपसांत भांडताना सॅमने ऐकली आहेत. आता जिन्यावर फ्रोडो आणि सॅम थकून झोपी गेलेले आहेत. गॉलम विश्वासघाताची तजवीज करून परत येतो, त्यांना पाहतो, आणि त्याच्या चेहऱ्यावरील हाव ओसरते. एखाद्या थकल्याभागल्या म्हाताऱ्यासारखा तो हात पुढे करून फ्रोडोच्या गुडघ्यास हलकेच स्पर्श करतो. तोच सॅम जागा होतो आणि संशयाने त्याच्यावर खेकसतो. संपले. तो क्षण पुन्हा येत नाही. सॅमची चूक म्हणावी, तर त्याने राखणदाराचे कर्तव्यच केले. पण नेमकी हीच ह्या ग्रंथाची खोच आहे: मनोऱ्यांना जे झाले, ते त्या क्षणी सॅमला होते. पहारा इतका कडक झाला की परत येणाऱ्यालाही दार उघडेना. टॉल्किन ह्यांनीही आपल्या पत्रव्यवहारात ह्या क्षणास कथेतील मोठी शोकांतिका मानले आहे.

आणि उपसंहार? खंडाच्या शेवटच्या ओळींत फ्रोडो जिवंत आहे, पण शत्रूच्या हाती गेला आहे, आणि सॅम किरिथ उंगोलच्या मनोऱ्याच्या बंद पितळी दारावर अंग झोकून देऊन बेशुद्ध पडतो. ज्याने एका जीवास आत घेतले नाही, तो आता स्वतः बंद दाराबाहेर आहे.

म्हणून दोन इमारतींची नावे सांगितलीच पाहिजेत असा कोणी हट्ट धरल्यास आम्ही चौथ्या पक्षाचे. ऑर्थँक आणि किरिथ उंगोल, कारण ह्या दोन मनोऱ्यांखाली परत येण्याच्या दोन संधी बुडाल्या: एक ज्याला दिली त्याच्या गर्वाने, दुसरी ज्याने द्यावयाची त्याच्या संशयाने. किरिथ उंगोलचे अंतरंग ह्या खंडात दिसत नाही, हा आक्षेप मग गळून पडतो; ह्या खंडाला मनोऱ्याचे दारच पुरेसे आहे. टॉल्किन ह्यांनी जानेवारीतील पत्रात, काहीशा वैतागाने, हेच उत्तर दिले होते. त्यांच्या वैतागातच त्यांचे उत्तम टीकाकौशल्य प्रकट झाले, असे आम्हांस वाटते.

इतके मान्य केल्यावर ग्रंथातील एक वैगुण्य झाकून ठेवणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. मनोरे शुद्ध होऊ शकतात, राजे जागे होऊ शकतात, गॉलमदेखील उंबऱ्यापर्यंत येऊ शकतो. पण सौरोनच्या सेनेतील ‘ऑर्क’ जातीस मात्र ग्रंथभर असे दार कोठेच नाही. हे राक्षस निव्वळ बुजगावणी असते तर गोष्ट वेगळी. पण ह्याच खंडाच्या अखेरीस शाग्रात आणि गोर्बाग हे दोन ऑर्क गप्पा मारताना आपण ऐकतो. वरिष्ठांविषयी त्यांची कुरकुर चालते. लढाई संपल्यावर चार भरवशाचे गडी घेऊन, डोक्यावर कोणी मोठा धनी नसेल अशा ठिकाणी निसटावे, असे त्यांचे बेत चालतात. हे बोलणे अगदी माणसाचे आहे. ज्याला असे बोलता येते त्याला पश्चात्ताप करता येत नाही, हे कसे? टॉल्किन ह्यांस स्वतःलाही हा प्रश्न छळीत राहिला. १९७३ साली त्यांचे निधन झाल्यावर प्रसिद्ध झालेल्या टिपणांत ऑर्क मुळात कोण, ह्याची निरनिराळी उत्तरे ते शोधताना दिसतात. ती शोधावी लागली हेच पुरेसे आहे. ह्या ग्रंथात दगडांवर जितकी दया केली आहे, तितकी ह्या अभागी सैनिकांवर केलेली नाही.

काही वाचक ह्या मनोऱ्यांत विसाव्या शतकातील राष्ट्रे आणि हुकूमशहा शोधतात. टॉल्किन १९१६ साली सोमच्या रणभूमीवर होते, आणि ग्रंथाचा मोठा भाग दुसरे महायुद्ध चालू असताना लिहिला गेला, हे खरे. परंतु दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत त्यांनी रूपककथेविषयीची आपली नावड स्पष्ट सांगितली आहे, आणि वाचकाने आपल्या अनुभवास ती कथा लावून पाहावी, कर्त्याने ती लादू नये, असे म्हटले आहे. आम्हांस हा भेद महत्त्वाचा वाटतो. ऑर्थँक म्हणजे अमुक राजधानी असे एकदा ठरले की त्या राजधानीबरोबर तो मनोराही इतिहासजमा होतो. पण राखणदार मालक कसा बनतो ही गोष्ट संस्थेस लागू आहे, सरकारास लागू आहे, घरातील वडीलधाऱ्यांस लागू आहे, आणि सॅमसारख्या भल्या सोबत्यासही लागू आहे.

ह्याच लेखकाने एक रूपक मात्र हौसेने रचले होते, आणि योगायोग असा की तेही मनोऱ्याचेच. ऑक्सफर्डचे हे प्राध्यापक १९३६ साली ब्रिटिश अकादमीपुढे ‘बेवुल्फ’ ह्या प्राचीन काव्यावर व्याख्यान देत होते. त्यात त्यांनी सांगितले की, एका मनुष्याला शेतात जुन्या दगडांचा ढीग वारशाने मिळाला. त्याने त्या दगडांचा मनोरा बांधला. त्याचे मित्र आले आणि जिना चढण्याची तसदी न घेता, हे दगड पूर्वीच्या कोणत्या इमारतीचे ह्याचा शोध घेण्यासाठी त्यांनी मनोराच पाडला. त्या माथ्यावरून त्या मनुष्याला समुद्र दिसत असे, हे त्यांच्या गावीही नव्हते. व्याख्यानातील हा बाण प्राचीन काव्याच्या अभ्यासकांवर होता. पण ‘दोन मनोरे कोणते’ असा वाद घालणाऱ्या आम्हां सर्वांस तो लागावयास हरकत नाही.

ते रूपक टॉल्किन विसरले नव्हते. हॉबिटांच्या प्रदेशापलीकडे, पश्चिमेच्या टेकड्यांवर, तीन पुरातन पांढरे मनोरे उभे आहेत. सर्वांत उंच मनोऱ्याच्या माथ्यावरून समुद्र दिसतो, अशी हॉबिटांत दंतकथा आहे. पण त्यावर कोणी हॉबिट चढल्याचे ऐकिवात नाही. त्या मनोऱ्यातही पूर्वी एक गोलक होता. परंतु ऑर्थँकच्या किंवा डेनेथोरच्या गोलकासारखा तो शत्रूवर किंवा शेजाऱ्यावर नजर ठेवण्याचा नव्हता. त्यातून फक्त समुद्राकडे पाहता येत असे. प्रवासाच्या आरंभी फ्रोडोला स्वप्नात एक उंच पांढरा मनोरा दिसतो आणि त्यावर चढून समुद्र पाहण्याची त्याला अनावर ओढ लागते. चढण्यापूर्वीच तो जागा होतो.

वादाच्या चारही पक्षांनी ह्या मनोऱ्याचे नाव घेतलेले नाही, आणि ते योग्यच. दुसऱ्या खंडाशी त्याचा संबंध नाही. पण परिशिष्टे वाचणाऱ्या चिकित्सक वाचकास एक लहानशी नोंद आढळेल. सॅमची थोरली मुलगी एलानोर लग्न होऊन ह्या टेकड्यांखाली राहावयास गेली, आणि ज्या तांबड्या बाडावरून ही सारी कथा उतरून घेतली असे टॉल्किन सांगतात, ते बाड तिच्या वंशजांनी तेथे जपून ठेवले. म्हणजे जिन्यावर ज्याने एका जीवास परत येऊ दिले नाही, त्या सॅमच्याच मुलीच्या घरी त्या जिन्याची हकीकत, बापाच्या त्या कठोर शब्दासकट, कोणी न खोडता जपली गेली.